मिसरूड

रोशन टॉकीजच्या दारावर अब्बा एकतीस वर्षं.
'केवळ प्रौढांसाठी'ची पाटी लागली की
तिकीट नंतर, आधी टॉर्च ओठावर.
मिसरूड बघायचे.
संशय आला तर अंगठा ओला करून घासायचे पण.
काजळ निघालं की पोरगं पळालं
कुंडलिकेच्या पुलाकडं,
अन् मागून अब्बाचा आवाज,
"पुढल्या साली ये रे, खरी घेऊन."

आता तेच काम मी करते, असं अब्बा समजतात.
कदीम जालन्यात, माडीवर, हेडफोन लावून,
एका सिनेमाचे अकराशे रुपये.
समोर तक्ता.
चुंबन : सेकंद किती.
पाठ : अर्धी, पूर्ण.
ओलेपणा : कारण लिहा.
मी लिहिते : नळ फुटला.
मी लिहिते : कारण दिसत नाही.
मग खाली चार आकडे,
सात, तेरा, सोळा, अठरा,
त्यातला एक दाबायचा.

"आज किती कापलंस?" अब्बा विचारतात.
कापत नाही अब्बा, नुसतं वय लिहिते.
"मंग दारावर कोण ऱ्हातंय?"
कुणीच नाही. दारच नाही.
फोन विचारतो, अठरा पूर्ण का?
बोटानं हो म्हणायचं.
अब्बा हसले, खोकला लागेपर्यंत हसले.
"म्हंजे काजळसुदिक लागंना!"

काल रात्री एक सिनेमा आला.
बांगलादेशातला की आसामातला, कळलं नाही,
खालची अक्षरं चुकीची होती.
साठीतला माणूस, साठीतली बाई.
दिवसभर भांडलेले.
ती पलंगावर, त्याच्याकडं पाठ करून.
तो तिच्या मागं बसतो,
तिच्या पाठीतला काटा काढतो.
झुडपात पडली होती ती सकाळी.
चष्मा कपाळावर, जीभ दातात,
एक काटा. दुसरा काटा.
तिसऱ्याला तिचा खांदा हलतो
आणि तो फुंकर घालतो.
चार मिनिटं, वीस सेकंद.

पाठ : अर्धी.
चुंबन : नाही.
ओलेपणा : नाही.
आणि माझे कान तापलेले.
फुंकरीचा रकाना कुठंच नव्हता.

मला अम्मी आठवली.
शेवटचा शो सुटला की अब्बा सायकलवरून यायचे,
खिशात एक मोसंबी.
लाइट गेलेली असायची,
टॉर्च उलटी टेकवून ठेवायचे,
छतावर पिवळा गोल.
साल काढायचे, मग पांढरा पापुद्रा,
मग बी, एकेक, नखानं,
आणि फोड अम्मीच्या तळहातावर.
ती खायची नाही लगेच.
तशीच धरून बसायची.
लांब रोलिंग मिलचा धूर लाल होत जायचा.
त्यावर कुणी कसला आकडा टाकला असता?

अब्बांना मोतीबिंदू. तरी स्क्रीन वळवली मी.
नाक टेकेपर्यंत पुढं आले.
"निळं निळं दिसायलंय. कोण हाय?"
एक माणूस, एक बाई. काटा काढायलाय.
"वय काय त्यांचं?"
असतील तुमच्याएवढे.
अब्बा गप्प.
त्यांचा उजवा हात उठला, मूठ वळलेली,
जशी टॉर्च असावी तिच्यात,
क्षणभर हवेत राहिला, मग खाली आला.
"सोड," म्हणाले. "आत सोड."

सगळ्यात लहान आकडा दाबला मी.
कंपनी उद्या बदलेल, बदलू दे.

पुढचा सिनेमा. उसाचा फड.
बाई धावते, कारण दिसत नाही.
कॅमेरा तिच्या घोट्यापासून चढत चढत
गळ्यापर्यंत येतो आणि थांबतो,
चेहरा घेतच नाही.
अठरा.
दोन सेकंदही लागले नाहीत.
अब्बा झोपले होते तोवर, खुर्चीतच,
मूठ अजून थोडी मिटलेली.